बर्फावर बसलेला म्हातारा

माझं काम आवाज लिहिण्याचं आहे. ज्यांना ऐकू येत नाही त्यांच्यासाठी सिनेमाच्या खाली ज्या ओळी येतात, त्या मी लिहिते. संवाद तर लिहायचेच, पण त्याशिवायचंही सगळं लिहायचं: दार कुठे वाजलं, कुत्रं कुठल्या बाजूला भुंकलं, कोण हसलं, आणि मनापासून हसलं की नुसतंच. लोकांना हे सांगितलं की म्हणतात, म्हणजे टायपिंगच ना. मी हो म्हणते. वाद घालायची मला हौस आहे, पण या विषयावर घालून घालून कंटाळा आलाय.

करोनाच्या पहिल्या वर्षी हे काम मी क्रेगीबर्नच्या आमच्या घरात, बेडरूमच्या कोपऱ्यात टेबल टाकून करत होते. मेलबर्नचा तो लांबलेला लॉकडाऊन आता कुणाला आठवायला आवडत नाही. घरापासून पाच किलोमीटरच्या पुढे जायचं नाही, अंधार पडला की बाहेर पडायचं नाही, दुकानात घरातल्या एकानेच जायचं. आमच्या उत्तरेकडच्या उपनगरांचं नाव रोज बातम्यांत यायचं, आणि चांगल्यासाठी येत नव्हतं.

घरात आम्ही चौघं होतो. मी, नवरा, चौदा वर्षांची लेक आणि माझे बाबा. बाबा नागपूरहून तीन महिन्यांसाठी आले होते आणि अडकले होते. परतीचं विमान रद्द झालं, मग पुढचं रद्द झालं, मग विमानांबद्दल बोलणंच बंद झालं. आई आधीच गेली होती. नागपूरच्या घरी दादा आणि वहिनी होते.

बाबांचं आयुष्य कारखान्यात गेलं, आणि कान पण तिथेच गेले. दोन्ही कानांना मशीन होतं. त्यातलं उजवं इथे आल्यावर बिघडलं आणि दुरुस्तीचं क्लिनिक बंद होतं. कानाचं दुखणं तातडीचं नाही असं क्लिनिकवाल्यांचं म्हणणं. एरवी बाबा समोरच्याचे ओठ बघून भागवून न्यायचे. मग मास्क आले आणि ओठही गेले. खरं म्हणजे घरात आम्ही मास्क लावायला नको होता, पण लावत होतो, कारण माझा नवरा वृद्धांच्या केअर होममध्ये नर्स आहे आणि त्याच्या होममध्ये साथ शिरली होती.

त्याने स्वतःला पुढच्या खोलीत बंद करून घेतलं होतं. गॅरेजच्या दारातून यायचा, तिथेच कपडे बदलायचा, जेवणाचं ताट मी दाराबाहेर ठेवायची. बाबा पॅसेजमध्ये दिसले की तो उलट फिरायचा. याचं कारण मी बाबांना ओरडून, हातवारे करून दोनदा सांगितलं होतं. दोन्ही वेळा त्यांनी मान डोलवली. पण ऐकू न येणारा माणूस हो म्हणायला फार लवकर शिकतो, हे या धंद्यात असताना मला कळायला हवं होतं. कळत नव्हतं असं नाही. माझ्यात तिसऱ्यांदा ओरडायचा जीव उरला नव्हता.

घरात बहिरं माणूस असलं की एक वाक्य फार वापरलं जातं: "काही नाही, जाऊ द्या." जेवताना लेक काहीतरी बोलायची, आम्ही हसायचो, बाबा विचारायचे, "काय झालं?" आणि मी म्हणायची, "काही नाही, जाऊ द्या." नंतर नंतर त्यांनी विचारणं सोडलं. सकाळी त्रिशरण-पंचशील खणखणीत आवाजात म्हणायचे, तेवढाच त्यांचा आवाज घरात. रविवारची वंदना झूमवर व्हायची, तिथे छोट्या चौकटींत सगळ्यांचे ओठ हलताना बघून बाबा उठून जायचे. दिवसभर मागच्या अंगणाच्या काचेपाशी खुर्चीत बसून असायचे.

आणि मी रोज संध्याकाळी ओट्यापाशी उभी राहून दादाशी फोनवर बोलायची. मागे टेबलाशी बाबा मटार सोलत बसलेले. भारतात जाणारी खास विमानं सुटायला लागली होती आणि प्रश्न एकच होता, बाबांचं नाव टाकायचं की नाही. नवरा म्हणत होता, टाक. त्याच्या होममधली माणसं जात होती. त्यांची मुलं काचेबाहेर, थंडीत, फुलांच्या वाफ्यात पाय देऊन उभी राहायची आणि काचेवर हात ठेवायची. "मी घरात काय घेऊन येतोय मला माहीत नाही," तो म्हणायचा. "ह्यांना इथून काढ." दादा म्हणत होता, इथेही काही बरं नाहीये, पण घर त्यांचंच आहे, पाठव. मी कधी हो म्हणायची, कधी थांब म्हणायची. हे सगळं बाबांच्या पाठीमागे चाललेलं नव्हतं. बाबा माझ्या पाठीमागे, चार पावलांवर बसलेले असायचे.

त्याच सुमारास ते इनुइट माणसाचं काम आलं.

इथल्या आदिवासी समाजातल्या काही बायका मिळून जगभरातल्या आदिवासींच्या सिनेमांचा एक छोटा महोत्सव भरवतात. त्या वर्षी तो ऑनलाइन होता. त्यातला एक सिनेमा कॅनडाच्या अगदी उत्तरेकडचा. लिहिणारा आणि प्रमुख काम करणारा एकच, इनुइट माणूस. त्याचं नाव इथे लिहीत नाही. या लिखाणात मी कुणाचंच नाव लिहिलेलं नाही. महोत्सवाची बाई मला व्हिडिओ कॉलवर म्हणाली, "नो वरीज, टेक योर टाइम," आणि त्याच श्वासात शुक्रवारची मुदत दिली. मी बोलता बोलता एस्किमो म्हणाले, तर तिने तिथल्या तिथे सुधारलं. तो शब्द त्यांना दुसऱ्यांनी चिकटवलेला आहे, आणि चिकटवलेल्या नावांबद्दल आपल्याला तरी कुणी सांगायला नको.

सिनेमासोबत त्या माणसाची एक मुलाखतही होती. तीही मलाच करायची होती, म्हणून मी आधी ती ऐकली. तरुणपणी तो गावात छोटीमोठी कामं करायचा. दक्षिणेकडून सिनेमावाले आले की त्याला उभं करायचे, कारण चेहरा त्यांना हवा तसा. हातातलं घड्याळ काढायला सांगायचे. बोलायला फार द्यायचे नाहीत. आणि जवळपास प्रत्येकाला एक प्रसंग हवाच असायचा: म्हातारा झालेला बाप ओझं झालाय, मुलगा त्याला बर्फावर बसवतो आणि स्लेज घेऊन निघून जातो. अशा मुलाचं काम त्याने एकाहून जास्त वेळा केलं. त्याच्या वडिलांनी त्यातला एक सिनेमा पाहिला आणि घरी येऊन विचारलं, मग, मला कधी सोडतोयस? हे सांगताना तो हसत होता. मी कॅप्शनमध्ये "हसतो" लिहिलं, मग पुन्हा ऐकलं आणि खोडून "घसा खाकरतो" लिहिलं.

पुढे त्याने स्वतः लिहायला घेतलं. त्यांच्या भाषेत, पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत. लिहिलेलं गावातल्या म्हाताऱ्यांपुढे वाचून दाखवायचा. त्या लोकांनी त्याचं बरंच काही खोडून काढलं. सासऱ्याशी कुणी असं बोलत नाही, म्हणायचे. हा कोट या ऋतूत कोण घालतो, म्हणायचे. कपडे गावातल्या बायकांनी शिवले, कॅमेऱ्यामागे गावातलीच मुलं. बाहेरच्या माणसाला समजावून सांगणारं एकही वाक्य ठेवायचं नाही, एवढा एक नियम त्याने केला होता. ज्याला समजून घ्यायचं असेल त्याने येऊन बसावं आणि बघावं.

सिनेमा मला फार आवडला. गोष्ट म्हणाल तर काहीच नाही. म्हातारा बाप आणि त्याची मोठी मुलगी कुत्र्यांच्या स्लेजवरून दुसऱ्या वस्तीला निघालेत. वाटेत बर्फाला भेग पडलेली आहे, पाणी गोठेपर्यंत थांबायचंय. दोघं भांडतात, खातात, झोपतात, पुन्हा भांडतात. म्हातारा म्हणजे आमचा लेखकच. तो अभिनय करतोय असं वाटतच नाही. तो मुलीवर कुरकुर करतोय एवढंच.

माझ्या डोक्यात विचार आला, हा बाबांना दाखवावा. टीव्हीपुढे ते कधीचे बसत नव्हते, कारण बाकीचे ऐकतायत आणि आपण नुसते बघतोय हे त्यांना सहन होत नव्हतं. पण या सिनेमाची भाषा आमच्या घरात कुणालाच येत नाही. त्याच्यापुढे सगळ्यांनाच वाचावं लागणार, म्हणजे त्या दोन तासांत घरात बहिरं असं कुणी नाही. महोत्सवाने पाठवलेल्या इंग्लिश भाषांतरावरून मी संवाद मराठीत करून टाकले, संध्याकाळी काम संपल्यावर दोन दिवस बसून. आवाजांचं काम अजून इंग्लिशमध्येही व्हायचं होतं. ते मी नेहमी शेवटी करते, संवाद बसले की मग.

दुपारी बाबांना माझ्या टेबलाशी बसवलं आणि सिनेमा लावला. पहिली वीस-पंचवीस मिनिटं मीही मागे उभी होते. बाबा खुर्चीत पुढे सरकून बसलेले. मुलगी बापाला म्हणते, तुम्ही हातमोजे हरवलेत तर मी माझे देणार नाही. बाबा मोठ्याने हसले. कित्येक आठवड्यांत ते हसले नव्हते. मग माझ्याकडे न बघता म्हणाले, "हे लोक काही समजावून नाही सांगून राहिले. राहून राहिले नुसते." थोड्या वेळाने, "आपल्यावरचे सिनेमे पाह्यले ना, त्यात आपण एक तर रडतो नाही तर हात जोडतो. भांडताना कुणी दाखवत नाही." मला इतकं बरं वाटलं की मी दूध आणायला बाहेर पडले. दुकानात रांग होती. प्रत्येकाच्या मध्ये अंतर, त्यामुळे रांग पार पार्किंगपर्यंत.

परत आले तर टेबलाशी कुणी नव्हतं. सिनेमा मध्येच थांबवलेला. बाबा खोलीत पाठ करून झोपलेले. रात्री जेवायला आले नाहीत, पोट ठीक नाही म्हणाले. दुसऱ्या दिवशीही तेच. खोलीत डोकावले तर बॅग पलंगावर उघडी आणि स्वेटर घडी करून आत.

लेकीने सांगितलं. तिचं आणि आजोबांचं बोलणं फोनवर टाइप करून चालायचं, ती इंग्लिशमध्ये लिहायची, ते मराठीत. ती माझ्या टेबलाशी येऊन उभी राहिली आणि म्हणाली, "मम्मा, आजोबा आस्क्ड मी इफ द टिकेट इज वन-वे."

"कसलं तिकीट?"

"आय डोन्ट नो, यू टेल मी. ही थिंक्स यू मेड हिम वॉच दॅट मूव्ही सो ही'ड गेट द मेसेज."

मला काही कळेना. मग मी सिनेमा जिथे थांबवलेला होता तिथून थोडा मागे नेऊन बघितला.

मुलगी बापाला स्लेजवरून उतरवते. हरणाचं कातडं बर्फावर अंथरते. "बसा इथे," म्हणते, आणि कॅमेऱ्याच्या बाहेर निघून जाते. मग पडद्यावर नुसता म्हातारा. चहूकडे पांढरं. तो बसलाय. वारा त्याच्या कोटाची लव हलवतोय. हा प्रसंग संपतच नाही. म्हातारा एकदा मान वळवतो, पुन्हा समोर बघतो. बाबा या प्रसंगाच्या शेवटाला पोहोचलेच नव्हते. मध्येच उठले होते.

आता तुम्ही तो प्रसंग आवाजासकट बघा. मुलगी कुठेही गेलेली नाही. ती कॅमेऱ्याच्या मागे, हाकेच्या अंतरावर चहासाठी बर्फ फोडतेय. फोडता फोडता कुत्र्याला शिव्या देतेय. मग काहीतरी गुणगुणते, तेही बेसूर. म्हातारा मान वळवतो ती त्या बेसूर गाण्यामुळे, आणि त्याच्या चेहऱ्यावर जे येतं त्याला वैताग म्हणतात. शेवटी ती किटली घेऊन येते आणि कातडं ओलं केलंत म्हणून त्याला झापते. त्या माणसाने हे मुद्दाम केलंय. बाहेरचा प्रेक्षक श्वास रोखून त्या एकाच प्रसंगाची वाट बघत असतो, कारण इनुइटांबद्दल त्याला तेवढं एकच माहीत असतं. आणि हा त्याला तिथे बसवून ठेवतो आणि त्याच्या कानात त्याला वेड्यात काढतो. सगळं आवाजात आहे. चित्रात फक्त बर्फ आणि म्हातारा.

आणि बाबांनी ते चित्रच बघितलं होतं. माझ्या ओळींत संवाद होते, आणि त्या प्रसंगात "बसा इथे" नंतर संवाद नव्हते.

खरं सांगते, मला आधी वाईट वाटलं नाही. संताप आला. मी तडक त्यांच्या खोलीत गेले, मास्क खाली ओढला आणि ओरडले, "तुम्ही अर्ध्यातून कसे उठलात?"

"समजलं मला," बाबा शांतपणे म्हणाले. "एवढा सिनेमा काहून दाखवला? तोंडावर सांगायचं ना."

"काय सांगायचं? पुढे बघितलंत का तुम्ही?"

"पुढे काय असणार? माहीत आहे ना सगळ्यांना. एस्किमो लोक काय करतात ते मीच तुम्हाला लहानपणी सांगायचो."

खरंच सांगायचे. जेवताना, आईला चिडवायला. आम्ही म्हातारे झालो की पोरं आपल्याला बर्फावर नेऊन सोडणार, नागपुरात बर्फ कुठून आणणार तेवढं बघा. आम्ही सगळे हसायचो. हे ज्ञान त्यांना कुठून मिळालं होतं कोण जाणे. हजारो मैलांवरच्या त्या माणसाच्या अंगावर तेच तर टाकलं गेलं होतं, आणि तो आयुष्यभर ते झटकत बसला होता.

मी बाहेर आले, टेबलाशी बसले आणि शुक्रवारचं काम बाजूला सारून त्या सिनेमातले आवाज मराठीत लिहायला लागले. आमच्या कामाचे नियम असतात. फार लिहायचं नाही, प्रेक्षकाला चित्र बघू द्यायचं, आवाजाचं वर्णन करताना मत द्यायचं नाही. मी सगळे नियम मोडले. "मागे मुलगी बर्फ फोडतेय." "मुलगी अजून तिथेच आहे, कुत्र्याला शिव्या देतेय." "मुलगी गुणगुणतेय, बेसूर." "किटलीचं झाकण." "मुलीची पावलं, जवळ." "अजून तिथेच आहे" हे कुठल्याही आवाजाचं वर्णन नाही, हे मला माहीत होतं. पुढे मी इंग्लिश ओळींतही तेच तसंच ठेवलं. महोत्सवाच्या बाईने ते वाचून फोन केला, मला वाटलं आता बोलणी बसणार. ती म्हणाली, "लीव्ह इट इन. दॅट्स द होल पॉइंट, मेट."

दुसऱ्या दिवशी बाबा बघायला तयार नव्हते. लेकीने त्यांना हाताला धरून आणलं. मी शेजारी स्टूलवर बसले. तो प्रसंग आला. बाबा एकेक ओळ ओठ हलवत वाचत होते. बर्फ फोडण्याची ओळ आली, शिव्यांची आली. बेसूरची आली तशी म्हाताऱ्याने मान वळवली आणि बाबांनी हुं केलं. किटली आली, मुलगी आली, झापून झालं. सिनेमा संपल्यावर बाबा म्हणाले, "चांगला नट आहे. काहीच करत नाही, तरी नजर हटत नाही."

मी म्हटलं, "बघितलंत ना? कुणी सोडलं का त्याला?"

"नाही सोडलं." मग माझ्याकडे वळून ते म्हणाले, "आणि तू रोज ओट्यापाशी उभी राहून दादाशी बोलतेस, तिकडे तोंड करून. 'विमान' एवढंच कानावर येतं. बाकीचं कुठे लिहिलं आहे?"

लेक माझ्याकडे बघत होती. सांगायचं ते इतके दिवस नळाकडे बघून बोलले होते, आता ते त्यांच्या तोंडाकडे बघून बोलायचं होतं. मी मास्क काढला आणि सावकाश, एकेक शब्द सुटा करून सगळं सांगितलं. विमान आहे. मी नाव टाकलेलं नाही, पण टाकायचं म्हणते. मला भीती वाटते. तुम्ही इथे राहिलात तर घरातूनच तुम्हाला लागण होईल, आणि तिकडे गेलात आणि काही झालं तर मला येता येणार नाही. बाबांनी दोनदा मला परत म्हणायला लावलं. दोन्ही वेळा मी परत म्हटलं.

संध्याकाळी नवरा कामावरून आला तेव्हा मी त्याला मागच्या अंगणात उभं केलं. काच बंद, तो बाहेर, बाबा आत, आणि त्याने मास्क काढला. त्याचा चेहरा बाबांना दिसला तो कित्येक आठवड्यांनी. त्याने काचेतून सावकाश बोलून सांगितलं, की होममध्ये काय चाललंय, कोण कोण गेलं, पॅसेजमध्ये तुम्हाला बघून मी उलटा का फिरतो. सांगता सांगता रडला. बाबा त्याच्या ओठांकडे बघत होते. त्याचं संपल्यावर त्यांनी काचेतून एवढंच विचारलं, "जेवतोस का बरोबर?"

त्या आठवड्यात बाबांनी ठरवलं. आम्हाला जेवणाच्या टेबलाशी बसवून सांगितलं, मी जातो. मी काहीतरी बोलायला गेले, तर हात वर केला. "इथे माझ्यासारखं काही नाही. तिकडे गल्लीत लोक ओरडून बोलतात, मला ऐकू येतं. पण एक लक्षात ठेव, मी जाऊन राहिलो आहे. तू पाठवून नाही राहिली." मग लेकीकडून फोन मागून घेतला आणि दादाला स्वतः फोन लावला. इतक्या मोठ्याने बोलले की पुढच्या खोलीत नवऱ्याला प्रत्येक शब्द कळला.

मला हायसं वाटलं. हे लिहिताना अजूनही जड जातं, पण वाटलं. रात्री झोप लागली. आणि सकाळी उठून त्यांच्या घडी केलेल्या स्वेटरकडे बघितलं की दिवसभर काही सुचायचं नाही. हे हायसं वाटणं आणि हे न सुचणं, दोन्ही मी बाबांना सांगितलं नाही. ते गेलेले बरे असं मला वाटत होतं आणि ते जाऊ नयेत असंही. यातलं पहिलं माझं सगळ्यांना सांगून झालं होतं, दुसरं कुणालाच नाही.

विमानतळासाठी पाच किलोमीटरच्या नियमातून सूट होती, मीच एकटी सोडायला गेले. फ्रीवे रिकामा, विमानतळ रिकामा, दुकानांची शटर्स खाली. फक्त त्या एका विमानाची रांग. म्हातारीकोतारी माणसं, क्लेटनच्या युनिव्हर्सिटीतले विद्यार्थी, एक गरोदर बाई, सगळ्यांच्या तोंडावर मास्क आणि वर प्लास्टिकची ढाल. बाबांनाही मी तसंच नटवलं होतं. गेटच्या अलीकडे एक पट्टी होती, तिच्या पुढे सोडायला आलेल्यांनी जायचं नाही. बाबांनी बॅग उचलली, मला हात जोडले आणि निघाले.

मी हाक मारली. अर्थातच त्यांना ऐकू गेली नाही. मी पट्टी ओलांडून पळत गेले आणि त्यांची बाही ओढली. ते वळले. मी मास्क हनुवटीखाली ओढला आणि त्यांच्यासमोर तोंड करून म्हटलं, "नका जाऊ."

मागून गार्ड ओरडला, "मास्क अप, प्लीज! बिहाइंड द लाइन!" बाबा माझ्या तोंडाकडे बघत राहिले. मी परत म्हटलं, "नका जाऊ, बाबा."

"आता सांगून राहिली का तू!" बाबा म्हणाले. स्वतःचा आवाज त्यांना कळत नव्हता. रिकाम्या हॉलमध्ये तो इतका मोठा गेला की अख्खी रांग मागे वळली. गार्ड जवळ आला आणि आम्हा दोघांकडे बघत उभा राहिला. मी मास्क वर घेतला नाही.

बाबांनी ढालीखालून डोळे पुसायचा प्रयत्न केला, ते जमलं नाही. मग तितक्याच मोठ्याने, सगळ्या रांगेला ऐकू जाईल असं, म्हणाले, "पण सांगितलंस, हे बरं केलंस." आणि बॅग उचलून आत गेले.